अकरा जणींचे एक पाऊल

मी, कुवाबारा मियो, कै. कुवाबारा यासाकू यांची पत्नी, वय वर्षे एकाहत्तर, राहणार ओशिरोसावा, एचिगो प्रांत, धंदा शेती व विणकाम, तसेच गावच्या एकपाऊल शाळेची मुख्य शिक्षिका, आज शोवा अडतीस सालच्या जानेवारीच्या चौदा तारखेला, सकाळी पोटभर पेज खाऊन, हा कागद स्वतःच्या हाताने लिहिते. माझे दोन्ही गुडघे गेले आहेत, डोके गेलेले नाही. मला कोणी भरीस घातलेले नाही. उलट पोस्टमास्तर निझुमा क्योसुके यांनी "बाई, थंडी सरू द्या, मग लिहा," असे तीनदा बजावले. त्यांचे मी एवढेच ऐकले की शाई चांगली घेतली.

हा कागद मी मेल्यावर नव्हे, तर याच महिन्याच्या एकोणीस तारखेला शाळेच्या आगटीपाशी सर्वांसमोर वाचावा. जिवंत माणसाचे मृत्युपत्र वाचत नाहीत, असे पोस्टमास्तर म्हणतात. वीस तारखेला फेरी आहे. माझ्या मरणासाठी उबामिने डोंगर थांबून राहणार नाही, म्हणून ही घाई.

कलम पहिले. पोस्टात जी काही शिल्लक आहे ती माझ्या अंत्यविधीला वापरावी. उरली तर शाळेच्या छपराला गवत घ्यावे. भटजींनी माझ्यासाठी लांबलचक मंत्र म्हणू नयेत. त्यांचा श्वास मध्येच तुटतो आणि आमच्या शाळेच्या बायकांना ते सहन होत नाही.

कलम दुसरे. माग, धोटे, सुताच्या लडी, दोन्ही लोणच्यांची पिंपे आणि त्यांवरचे दगड माझी भाची तामाए हिला द्यावेत. दगडांपैकी चपटा दगड मुळ्याच्या पिंपावर ठेवायचा, गोल दगड भाजीच्या. तिला हे दहा वर्षे सांगते आहे, आता लिहून देते.

कलम तिसरे. माझे दीर काम्पेई यांनी तेवीस वर्षांपूर्वी माझी मोठी करवत नेली. ती त्यांनीच ठेवावी. मात्र माझ्या प्रेतयात्रेत त्यांनी "वहिनींचा माझ्यावर फार जीव होता" असे कोणालाही सांगू नये.

कलम चौथे, शाळेविषयी. हे तालुक्याच्या कचेरीलाही कळावे म्हणून सविस्तर लिहिते. गेल्या पावसाळ्यात डोंगरावर बर्फ अडवायला लोखंडी कुंपण घालायचे म्हणून मोजणी करायला एक साहेब आले होते. त्यांनी शाळेत येऊन विचारले, "तुमच्यापैकी जादू नेमकी कोण करतं?" आम्ही अकरा जणींनी एकमेकींकडे पाहिले. साहेबांना वाटले, आम्ही लपवतो आहोत. लपवण्यासारखे काही नव्हते, कारण आमच्यातली कोणीच ती करत नाही. माझ्या एकटीच्या अंगात गार झालेला चहा गरम करण्याइतकीही जादू नाही. दहा जणींच्याही नाही. अकरावी येऊन उभी राहिली, अकरा जणींचा श्वास एक झाला, की मग जे होते ते होते. आगटीभोवती बसून आम्ही एका दमात श्वास सोडला की छपरावरचा माणूसभर बर्फ आपोआप खाली उतरतो. हे मी शेकडो वेळा अनुभवले आहे. तरी प्रत्येक वेळी माझ्या अंगावर काटा येतो आणि तोंडातला घास तोंडातच राहतो.

सर्वांत मोठी विद्या म्हणजे फेरी. डोंगरावर बर्फ फार साचला की अकरा जणी पायथ्याशी गोल चालतात. पुढचीच्या पावलात मागचीने पाऊल टाकायचे, बरोबर त्यातच. मान खाली, नजर पुढचीच्या टाचेवर. फेरी पुरी झाली की बर्फात एकाच माणसाची पावले दिसली पाहिजेत. तशी दिसली तर वरून सुटलेला बर्फ थांबतो. हे शिकायला चार हिवाळे लागतात. पहिला हिवाळा नुसती टाच बघण्यात जातो.

शाळेतली प्रत्येक बाई आपले पेंढ्याचे जोडे स्वतः विणते आणि टाचेखाली, घसरू नये म्हणून, आपली गाठ घालते. गाठ पाहून पाऊल कोणाचे ते शेंबडे पोरही सांगते. सर्वांत शेवटी चालणाऱ्या मुख्य बाईच्या जोड्यांना मात्र गाठ नसते, म्हणजे मागे उरणारी पावलांची वाट कोणाचीच नसते. एखादीचे पाऊल बाहेर पडले तर गाठीवरून ती ओळखली जाते, शाळेतली तिच्या नावाची पाटी जाळतात आणि त्या दिवसापासून ती शाळेच्या उंबऱ्यात पाय ठेवत नाही. फेरी चालू असताना गावाने दारे लावून आगटीकडे तोंड करून बसायचे. डोंगराकडे कोणीही बघायचे नाही, आम्ही तर नाहीच नाही. म्हणून बर्फ थांबतो कसा, हे या गावात कोणी पाहिलेले नाही. आवाज येत असतो आणि मग येत नाही, एवढेच सगळ्यांना ठाऊक आहे.

एका बाईने पाहिले आहे. ती मी.

कलम पाचवे. हे लिहायला मी सकाळी बसले, आता दुपार झाली. मध्ये दोनदा आगटीत लाकूड घालायला उठले. लाकडाची गरज नव्हती.

चव्वेचाळीस वर्षांपूर्वी, तैशो आठ सालच्या फेब्रुवारीत, फेरी मोडली. बर्फ आम्हाला चुकवून खाली उतरला. खालच्या आळीतली तीन घरे गेली, पाच माणसे गेली. त्यांत माझे यजमान होते. गावातले बाकीचे पुरुष दरवर्षीप्रमाणे दारूच्या भट्ट्यांवर कामाला गेलेले, हे पाय मोडल्यामुळे घरी होते. वाटेबाहेर एक पाऊल सापडले. त्यात तीन वेढ्यांची, डावीकडे वळलेली गाठ होती. तशी गाठ गावात एकीचीच, ओबाता शिगे हिची, कारण ती डावखुरी. तेव्हाच्या मुख्य बाई, इवा आजी, पावलाजवळ बसल्या, म्हणाल्या, "शिगे, ही तुझी गाठ." शिगे काही बोलली नाही. तिची पाटी जाळली. ती नदीपलीकडे राहायला गेली आणि जोडे विणून पोट भरू लागली. शाळेबाहेरचे सारे गाव तिचे जोडे घालते. तिला घरात मात्र कोणी बोलावत नाही.

ते पाऊल शिगेचे नव्हते. ते माझे होते.

त्या सकाळी डोंगर करकरू लागला तेव्हा आम्ही शाळेत होतो. जोडे आगटीवरच्या फळीवर वाळत होते. धांदलीत मी शिगेचे ओढले. चूक झाली, असे मी स्वतःला चव्वेचाळीस वर्षे सांगत आले. खरे असे की पाय आत गेल्या क्षणी मला कळले. माझे जोडे असे ऊबदार कधीच नव्हते. बदलायला वेळ नव्हता आणि बदलावेसे वाटलेही नाही. परत आल्यावर देऊ, म्हटले. फेरीत शिगे नेहमी माझ्यापुढे चालायची. तिचा चेहरा आठवताना मी अडखळेन, पण टाच अजून डोळ्यांपुढे आहे. त्या दिवशी त्या टाचेवर माझा जोडा होता, माझी गाठ होती, आणि मी ती बघत चालले होते. मग वरून आवाज सुटला, मोठा झाला आणि एकदम थांबला. मी मान वर केली.

का केली, तर बघायचे होते म्हणून. दुसरे कारण नाही.

त्यानंतर मी बोलले नाही. आधी यजमानांचे दहन होते. मग सुतक होते. मग मला शिगेच्या जागी पुढे घेतले. मग इवा आजी गेल्या आणि मला मुख्य बाई केले. एकेक वर्षाने बोलणे जड होत गेले. मी भित्री होते. शिगेचे जोडे मी त्याच आठवड्यात आगटीत घातले. पेंढा होता, पटकन जळला.

कलम सहावे. यंदा बर्फ खिडक्यांच्या वर गेला आहे आणि अजून पडतो आहे. वीस तारखेच्या फेरीला मी चालू शकत नाही, म्हणजे दहा जणी उरतात. दहा जणींनी काही होत नाही. तरुण मुली शहरात गिरण्यांत गेल्या. चार हिवाळे पुरे केलेली बाई गावात आणखी एकच आहे, ती शिगे. वय एकोणसत्तर, पण अजून लाकडाची मोळी पाठीवर घेऊन नदी ओलांडते. तिची पाटी खोट्यावरून जळाली, म्हणून ती नवी करून लावावी. शाळेतली माझी, म्हणजे शेवटची, जागा तिला द्यावी. माझी पाटी काढून आगटीत घालावी. ती भिंतीच्या ओलीने भिजलेली आहे, धूर करील, तेवढा सोसावा. माझे राहते घर, परस व नदीकाठचे भाताचे दोन तुकडे हेही शिगेला द्यावे. घर घेऊन चव्वेचाळीस वर्षे फिटत नाहीत, हे मला कळते.

कागद इथे संपवणार होते. पण एकोणीस तारखेला तिने चारचौघींत प्रथमच हे ऐकावे, हे बरे वाटेना. तामाएला सांगून तिला उद्या बोलावले आहे. येईल असे वाटत नाही.

तारीख पंधरा. शिगे आली. जे झाले ते पोस्टमास्तरांच्या सल्ल्याविरुद्ध याच कागदात लिहिते.

तिने काखेतले गाठोडे आगटीच्या काठाला ठेवले, बसली, चहा घेतला. मी पाचवे कलम वाचून दाखवले. ती काकी नावाचे टेंभरासारखे गोड फळ सोलत होती. वाचून झाले तरी सोलतच होती.

"झालं?" तिने विचारले.

"झालं."

"डोंगर वाचवायचं एवढं शिकलीस आणि थोडक्यात बोलायला नाही शिकलीस. 'जोडे तुझे होते, पाय माझा होता', संपलं."

मग तिने गाठोडे सोडले. आत पेंढ्याचे जोडे होते, काळे पडलेले, एका टाचेचा भुगा झालेला. दुसऱ्या टाचेखालची गाठ शाबूत होती. माझी गाठ.

"हे घे तुझे," ती म्हणाली. "त्या दिवशी चालताना निघून येत होते. तुझे पाय आहेत का होड्या?"

माझ्या हातातला कागद खाली पडला. मी म्हणाले, "तुला माहीत होतं."

"पाय माझे, जोडे तुझे. मला नाही कळणार तर काय भटजींना कळणार?"

"पाय उचलून दाखवला असतास तरी पुरे होतं."

"दाखवणारच होते. तेवढ्यात यासाकूला बाहेर काढलं. तू नुसत्या हातांनी त्याच्या तोंडावरचा बर्फ काढत होतीस, मोजेसुद्धा नव्हते हातात. एकाच दिवशी बाईचा नवरा जायचा आणि वर नावही जायचं, ते मला बघवेना. म्हटलं, उद्या बोलू. आणि खरं सांगू का, मला वाटलं, उद्या तूच बोलशील."

मी मान खाली घातली. म्हणाले, "मला शिव्या दे, शिगे."

"रोज देते. नदीपलीकडून तुला ऐकू येत नाहीत, त्याला मी काय करू?" ती हसली नाही. "माफ केलं असं समजू नकोस. दर वर्षी फेरीच्या दिवशी मी दार लावून आगटीकडे तोंड करून बसायचे. आणि पाय हलायचे गं माझे. बसल्या जागी. एकटीचे."

मला रडू आले. मी रडले. तिने माझ्याकडे न बघता फळाचे दोन तुकडे केले आणि मोठा माझ्यापुढे सरकवला.

मग म्हणाली, "एक विचारायचं होतं. चव्वेचाळीस वर्षं विचारायचं होतं. तू मान वर केलीस ना? मग सांग मला. कसं होतं?"

त्यावर मी जे सांगितले ते पुढे लिहिते. ही माझी सर्वांत मोठी मिळकत आहे आणि ती मी आजवर कोणाला दाखवलेली नाही.

कलम सातवे. मी पाहिले ते शिगेला द्यावे.

डोंगराची अख्खी बाजू सुटून खाली आली होती आणि बीच नावाच्या झाडांपाशी उभी होती. कोसळली नव्हती, पडून राहिली नव्हती, उभी होती. आमच्या देवळाची चार छपरे एकावर एक ठेवली तरी पोहोचली नसती, इतकी उंच. उन्हात ती आतून निळी दिसत होती, आणि तिच्या पोटात बर्फाचा एकेक कण आपापल्या जागी थांबलेला, वेगळा, मोजता येईल असा. एक झाड तिच्या भाराने जमिनीपर्यंत वाकले होते आणि मोडले नव्हते. तिच्या पुढे एक पांढरा ससा पळत होता. तोही थांबला होता. उजवा पाय वर, कान मागे. त्याचा डोळा माझ्याकडे होता आणि त्या डोळ्यात भीती नव्हती.

माझ्या छातीत तेव्हा अकरा श्वास होते. माझा कोणता ते कळत नव्हते. शिगे, तुझा होता, इवा आजींचा होता, खोकला झालेल्या धाकट्या पोरीचाही होता, आणि त्या श्वासाच्या टोकाला एवढा डोंगर टांगलेला. भांडखोर, लोणच्याच्या दगडावरून अबोला धरणाऱ्या आम्ही बायका, आणि आम्ही तो धरला होता. मी इतकी सुखी त्याआधी नव्हते, नंतरही झाले नाही. मग माझ्या मनात आले, हे मी बघते आहे. 'मी' मनात आले आणि त्याच क्षणी माझा श्वास वेगळा झाला. पाय बाजूला पडला. सशाचा पाय जमिनीला लागला, आणि सगळे सुटले.

पुढची त्रेचाळीस वर्षे मी फेरीत चालले, इवा आजी गेल्यापासून शेवटी. दर वर्षी आवाज थांबला. मी कधीच वर पाहिले नाही, पण वर काय उभे आहे हे मला ठाऊक असायचे आणि माझे पाय थरथरायचे. बायका म्हणायच्या, बाई म्हाताऱ्या झाल्या.

सांगून झाल्यावर शिगेने हातातली सुरी खाली ठेवली.

"ससा होता?" तिने विचारले.

"होता."

"पाय वर?"

"उजवा."

तिने डोळे पुसले, आणि पुसते आहे हे लपवले नाही. मी म्हणाले, "तू बघू नकोस हं, शिगे."

"मी कशाला बघू? तू बघितलंयस. दोघींना पुरे आहे." मग जोडे चढवायला वाकली. "बायका घेतील मला?"

"सगळ्या घेतील असं नाही."

"मग येऊन बघते," म्हणाली आणि गेली.

तारीख सोळा. आज सकाळी पोस्टमास्तर साक्षीसाठी आले. तामाएही त्या दहा जणींत आहे; ती कालपासून घरी नव्हती. कागद पोस्टमास्तरांच्याच हाती परत आला; तिने तो मला न विचारता रात्रीच शाळेत नेऊन वाचला, असे त्यांनी सांगितले. एकोणीस तारखेची अट तिने मोडली, म्हणून गोल दगड तिच्याकडून काढून घ्यावा, असे लिहिणार होते. तेवढ्यात दार वाजले. मला उठवेना, पोस्टमास्तरांनी उघडले आणि ते तसेच उभे राहिले.

"किती जण आहेत?" मी विचारले.

"दारात अकरा आहेत, बाई," ते म्हणाले. "पण अंगणात एकच माणूस चालून आलंय."

मी गुडघ्यांवर सरकत उंबऱ्यापर्यंत गेले. शाळेपासून माझ्या दारापर्यंत नव्या बर्फात पावलांची एक रांग होती. एकाच माणसाची. सगळ्यांच्या शेवटी शिगे उभी होती, धापा टाकत. तिचे जोडे मुख्य बाईचे नव्हते, तिचे स्वतःचे होते, म्हणून प्रत्येक पावलात गाठ होती. तीन वेढे, डावीकडे वळलेले. दारापासून नजर जाईल तिथपर्यंत, शिगेची गाठ.

  माझ्या छपरावरचा बर्फ त्या वेळी आपोआप उतरला, कोणी न सांगता, आणि परसात पडला. तामाए म्हणाली, "मावशी, आत घेतेस का? थंडी आहे." गोल दगड तिच्याकडेच राहू द्यावा.

साक्षीच्या वेळी पोस्टमास्तर म्हणाले की ज्याला मिळकत मिळते त्याला साक्षीदार होता येत नाही, तेव्हा शिगेबाईंनी सही करू नये.

शिगेने विचारले, "शाळेतली जागा ही मिळकत?"

"नाही. तसं धरत नाहीत."

"आणि तो ससा?"

पोस्टमास्तरांनी विचार केला. "तोही नाही."

"मग घर नको. शेत नको. तामाएला द्या. मला सही करायची आहे."

सबब सहाव्या कलमातले घर, परस व शेत तामाएच्या नावे करते. बाकी सर्व कायम. माझी पाटी आगटीत घालण्याबद्दल शिगे म्हणते की धूर तिला सोसत नाही, पाटी उलटी करून लावावी, म्हणजे नाव भिंतीकडे राहील. तसे करावे. मला पुरताना किंवा जाळताना, जे काही कराल, पायांत ते जुने काळे जोडे घालावेत. एका टाचेची गाठ गेली आहे. चालेल.

हा कागद मी पुरता वाचला. यात खोटे काही नाही, आणि खरे काही सांगायचे उरलेले नाही.

स्थळ: ओशिरोसावा, माझ्या आगटीपाशी.
दिनांक: शोवा ३८, जानेवारी १६.

लिहून देणार: कुवाबारा मियो (सही व शिक्का)

साक्षीदार पहिली: ओबाता शिगे. यांच्याजवळ शिक्का नाही. यांनी उजव्या पायातला जोडा काढून, टाच शाईत बुडवून कागदावर ठसा केला. ठसा शेजारी आहे: तीन वेढे, डावीकडे वळलेले.

साक्षीदार दुसरा: निझुमा क्योसुके, पोस्टमास्तर (सही व शिक्का). वरील ठसा माझ्यासमोर उमटला. जोडा शिगेबाईंचा. पायही शिगेबाईंचाच.